वेशीतून काय काय आत आलं

डिसेंबरातल्या एका रविवारी सकाळी साडेसातला मी अमरावतीच्या जवाहर गेटाच्या कमानीखाली उभी होते. सोबत पुण्याहून आलेली पुतणी, तिच्या दोन मैत्रिणी आणि माझी नणंद. नणंदेचा जन्म याच परकोटातला. वय एकाहत्तर. आम्ही नेमकं काय करायला निघालोत, हे तिला काही पटलं नव्हतं.

"वयनी, आपलंच गाव पाहाले कोनी येते काय?"

"पाहायला नाही, खायला आलो आहोत," मी म्हटलं. "खाता खाता जे दिसेल ते पाहू."

हे खूळ मी इटलीतल्या बोलोन्याहून आणलं. २०१८ साली माझी मुलगी तिथल्या विद्यापीठात संशोधन करत होती आणि मी महिनाभर तिच्याकडे राहायला गेले होते. एका सकाळी तिनं मला खाद्यफेरीला धाडलं. वाट दाखवायला इटलीच्या दक्षिण टोकाकडची, कालाब्रियाची एक मुलगी होती. तिनं आम्हाला मोठ्या चौकाच्या पूर्वेकडच्या अरुंद गल्ल्यांतून तीन तास फिरवलं. तिथल्या गल्ल्यांची नावं म्हणजे जुन्या बाजाराची यादीच: एक गल्ली सोनारांची, एक कापडवाल्यांची, एक जुन्या मासळी बाजाराची. प्रत्येक ठिकाणी थांबायचं, एक घास खायचा, आणि तो घास या गल्लीत कुठून आला ते ऐकायचं. जुन्या चीजचा खारट, कणीदार तुकडा खाल्ला. हातानं लाटून कापलेल्या ताल्यातेल्लेच्या पट्ट्या खाल्ल्या. या पट्टीची रुंदी किती असावी याचं सोन्याचं माप १९७२ साली तिथल्या व्यापारी मंडळाकडे रीतसर जमा केलेलं आहे: शिजल्यावर आठ मिलिमीटर. घरातल्या बायकांनी पोळपाटावर पिढ्यानपिढ्या सांभाळलेलं माप शहरानं सोन्यात घडवून तिजोरीत ठेवलं, हे ऐकून मला भरून आलं.

शेवटी तिनं आम्हाला एका वेशीपाशी नेलं. बोलोन्याच्या तटाला बारा वेशी होत्या, त्यांतल्या दहा उरल्यात. तट मात्र १९०२ पासून पाडत नेला, कुठे कुठे तेवढे तुकडे राहिलेत. मी पस्तीस वर्षं अमरावतीच्या शाळांत इतिहास शिकवला आहे. त्या वेशीखाली उभी असताना मला आमचा परकोट आठवला आणि अपराध्यासारखं वाटलं. आमचा तट अजून बराचसा उभा आहे. घरांच्या मागच्या भिंतींत, दुकानांच्या पाठीशी, पिंपळाच्या मुळ्यांत. आणि एवढ्या वर्षांत मी एकाही वर्गाला त्याच्याभोवती फिरवून आणलं नव्हतं.

तर हा परकोट. १८०३ हे वऱ्हाडाचं फार वाईट वर्ष. नोव्हेंबरच्या २९ तारखेला अकोटजवळ आडगावची लढाई झाली, डिसेंबरच्या १५ तारखेला गाविलगड पडला, आणि लगोलग इंग्रजांशी दोन तह झाले: भोसल्यांचा देवगावला, शिंद्यांचा सुर्जी अंजनगावला. देवगावच्या तहानं वर्धा नदीच्या पश्चिमेचं वऱ्हाड निजामाकडे गेलं. लढाया संपल्या, पण पगार तुटलेले घोडेस्वार मोकळे सुटले, पेंढाऱ्यांच्या टोळ्या वाढल्या. अमरावतीत तेव्हा श्रीमंत व्यापाऱ्यांची वस्ती होती. त्यांच्या रक्षणासाठी निजाम सरकारनं १८०७ मध्ये हा दगडी तट बांधला. वीस ते सव्वीस फूट उंच, घेर सव्वादोन मैल. पाच दरवाजे आणि चार खिडक्या. खिडकी म्हणजे लहान दार, माणूस वाकून जाईल असं. त्यांतल्या एकीचं नाव खुनारी. १८१८ साली तिच्याजवळ मारामारी झाली, सातशे माणसं मेली, अशी गॅझेटियरात नोंद आहे. नणंदेच्या लहानपणी संध्याकाळनंतर मुलींना त्या बाजूला जाऊ देत नसत. का, ते कुणीच सांगत नसे.

वाडे, देवळं, किल्ले यांच्याभोवती तट असतात. आमचा तट मात्र बांधला गेला तो गोदामांभोवती. म्हणूनच त्याच्या आतली नावं ऐकावी. दरवाजांतला एक भुसारी गेट. भुसार म्हणजे धान्य, भुसारी म्हणजे धान्याचा व्यापारी. जवाहर गेटातून आत शिरलं की सराफा. आणि गल्ल्या ओलांडत पुढे गेलं की सक्करसाथ. साखर नाही, सक्कर. बाजाराची भाषा हिंदी, कारण माल आणणारा आणि माल विकणारा, दोघंही बाहेरून आलेले. मी पुतणीला म्हटलं, बोलोन्यात नाव वाचून मला शब्दकोश काढावा लागला. इथे तुझं कान देऊन ऐकणं पुरे आहे.

सक्करसाथेत आम्ही पहिला घास खाल्ला, तो गुळाचा. थंडीत नवा गूळ येतो. दुकानदारानं ढेपेचा कोपरा फोडून पाचजणींच्या तळहातावर ठेवला, पैसे घेतले नाहीत. आमच्या आजेसासूबाई या बाजारातून वर्षाचं मीठ भरत. खडा मीठ, पोत्यानं. मिठाची गोष्ट मला इथेच सांगावीशी वाटली, कारण ती माझ्या माहेरची, अकोल्याची आहे.

रेल्वे येण्यापूर्वी वऱ्हाडात मीठ दोन वाटांनी यायचं. एक वाट लमाणांची. हजारो बैलांचे तांडे समुद्राकडून मीठ आणत आणि परत जाताना कापूस, धान्य नेत. दुसरी वाट अगदी उशाशी होती. पूर्णेच्या खोऱ्यातला खारपाणपट्टा. आज आमच्या अकोल्या-अमरावतीकडच्या शेकडो गावांना विहिरीचं पाणी खारट म्हणून जो पट्टा रडवतो, तोच पट्टा एके काळी मीठ द्यायचा. अकोल्याजवळच्या दहीहंड्याला खाऱ्या विहिरी होत्या. पाणी उपसून वाळवायचं, मीठ काढायचं. इंग्रजांकडे कारभार आल्यावर ते बंद पाडलं. आणि म्हणून १९३० च्या एप्रिलमध्ये, गांधीजी दांडीला पोचले तेव्हा, समुद्रापासून शेकडो मैल दूर असलेल्या वऱ्हाडानं मिठाचा सत्याग्रह केला तो दहीहंड्याच्या विहिरीवर. माझे मामा तेव्हा दहा वर्षांचे होते. मोठ्या माणसांच्या मागे लागून ते गेले, आणि चिमूटभर मातकट मीठ पुडीत बांधून घरी घेऊन आले. आजीनं ते त्या दिवशी वरणात घातलं. कडवट लागलं असणार. मामा मात्र शेवटपर्यंत सांगत, तसं वरण पुन्हा खाल्लं नाही.

पुतणीच्या एका मैत्रिणीनं विचारलं, मग मारवाडी, गुजराती इथे आले ते मिठामुळे का? नाही. ते आले कापसामुळे, आणि इथून पुढची सगळी वाट कापसाचीच आहे.

उमरावतीचा, म्हणजे आमच्या अमरावतीचा, कापूस आधी उत्तरेकडे जायचा. बैलांच्या पाठीवर, पाचशे मैल, गंगेकाठच्या मिर्झापुरापर्यंत, तिथून नावेनं कलकत्त्याला. १८४२ साली एकाच सावकारानं एक लाख बैल भरून कापूस कलकत्त्याच्या वाटेला लावला, असं सांगतात. १८२५ च्या सुमारास पेस्तनजी मेहेरजी आणि विकाजी मेहेरजी या पारशी भावांनी वऱ्हाडचा कापूस मुंबईकडे वळवायला सुरुवात केली. १८५३ च्या तहानं वऱ्हाड इंग्रजांच्या कारभारात आलं. पुढे १८६१ ते ६५ अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस अडला, आणि लँकशायरच्या गिरण्यांनी आमच्या काळ्या मातीकडे डोळे लावले. १८६७ मध्ये रेल्वे बडनेऱ्यावरून नागपूरला पोचली. आमच्या गावाचं नाव 'ऊमरा' या रूपात लिव्हरपूलच्या कापूस बाजारात एक जात म्हणून बोललं जाऊ लागलं. असं दुसऱ्या कुठल्या गावाचं नाव झालं असेल तर ते थोड्यांचं.

या कापसाच्या गाड्यांसोबत मारवाडी आले, गुजराती आले, कच्छी आले. आणि त्यांच्यासोबत कढई आली. आमच्याकडे तोवर सणावारालाच तळण असे. बाजारात सकाळी तळलेलं खायची रीत आडतवाल्यांची. पहाटे गाड्या येत, भाव फुटत, गाडीवानाला आणि हमालाला घरी जाऊन जेवायला वेळ नसे. त्यांच्यासाठी कचोरी, जिलबी, भजी. आम्हीही तेच खाल्लं, एका जुन्या दुकानाच्या फळीवर बसून. पण त्या दिवशी मला मुलींना जे चाखवायचं होतं ते त्यापुढचं.

ती सोल्यांची कचोरी. डिसेंबरात तुरीच्या शेंगा भरतात. हिरवे दाणे सोलायचे, म्हणून आम्ही त्यांना सोले म्हणतो. मिरची, लसूण, सांबार (पुण्याकडे ज्याला कोथिंबीर म्हणतात) घालून भरड वाटायचे, परतायचे आणि मैद्याच्या पारीत भरून तळायचे. पारी राजस्थानाची. आतलं सारण इथल्या शेताचं. कापसाच्या दर आठ-दहा ओळींनंतर आमचा शेतकरी तुरीची एक ओळ पेरतो. कापूस विकायला, तूर खायला. म्हणजे या एका कचोरीत ते शेतच आहे. ही कुणा एकानं शोधलेली असणार नाही. शेजारच्या माडीवरून उतरलेली कचोरी कुठल्यातरी वऱ्हाडी बाईनं पाहिली, आणि मुगाची डाळ भिजवायला वेळ नव्हता किंवा घरात नव्हती, म्हणून अंगणातले सोले भरले. तिचं नाव कुठे लिहिलेलं नाही. माझ्या लेखी तिनं अमरावतीच्या इतिहासात भर घातली आहे.

मैत्रिणी खात होत्या, नणंद बघत होती. मग तीच बोलायला लागली. "आमच्या मायच्या हातचे सोले खाल्ले असते तर हे इसरली असती तुमी." आणि तिथून पुढे फेरी तिच्या हातात गेली.

तिनं सांगितलं ते कुठल्या पुस्तकात मी वाचलं नव्हतं. त्यांच्या घरी दोन म्हशी होत्या आणि त्यांना जिनिंगमधली सरकी भिजवून घालत. सरकी खाल्लेल्या म्हशीचं दूध दाट. ते लोणी कढवताना वास गल्लीच्या टोकाला जाई. कापूस परदेशी जाई, सरकी इथे राही, तिचं तूप होई. पुढे घाण्या आल्या, गिरण्या आल्या, सरकीचं तेल निघू लागलं आणि म्हशीला ढेप मिळाली. अकोल्यात आजही या ढेपेचा भाव रोज बोलला जातो. वऱ्हाडातला गरिबाचा तडका आधी जवसाच्या तेलाचा असे, मग तो सरकीच्या तेलावर गेला. एका पिकानं अंगावरचा कपडाच नव्हे, फोडणीचा वासही बदलला.

इथे मला थांबून दुसरी बाजू सांगावी लागली. 'वऱ्हाड सोन्याची कुऱ्हाड' हे सगळे अभिमानानं म्हणतात. पण ज्वारीच्या वावरात कापूस शिरला तेव्हा भाकरीचं काय झालं? पूर्वी गावच्या पांढरीत, म्हणजे गावठाणाच्या पांढऱ्या मातीत, ज्वारीची पेवं असत. काळी जमीन ओल धरते, पांढरीत धान्य टिकतं. दोन वर्षं पाऊस नाही झाला तरी गाव पेव उघडून जगे. कापसाचा रोख पैसा आला, रेल्वेनं धान्यही बाहेर जाऊ लागलं, पेवं रिती राहू लागली. १८९६-९७ चा दुष्काळ पडला आणि लगेच १८९९-१९०० चा, ज्याला जुनी माणसं छप्पन्न्या म्हणत, संवत १९५६ चा म्हणून. लक्ष्मण सत्या यांचं वऱ्हाडातला कापूस आणि दुष्काळ यावर इंग्रजीत एक पुस्तक आहे. ते वाचल्यावर मला आजीच्या बोलण्याचा अर्थ लागला. आजी ताटात भाकरीचा तुकडा राहिला की म्हणे, "छप्पन्न्यात मायनं गवताच्या बिया दळल्या होत्या." आम्ही मुलं हसायचो. त्या दोन दुष्काळांच्या मधोमध, १८९७ च्या डिसेंबरात, याच अमरावतीत शंकरन नायर यांच्या अध्यक्षतेखाली काँग्रेसचं अधिवेशन भरलं. दादासाहेब खापर्डे स्वागताध्यक्ष होते. शाळेत मी ते अधिवेशन दर वर्षी शिकवलं. त्याच वर्षीची रिती पेवं मात्र कधी शिकवली नाहीत. याचं मला मनापासून वाईट वाटतं.

ऊन वर आलं तसे आम्ही अंबागेटाकडे वळलो. वाटेत गिला वडा. अमरावतीकर परगावी गेला की ज्याची आठवण काढतो तो हा. डाळीचा वडा तळून मऊ भिजवलेला, दह्यात बुडालेला, वर तिखट आणि चटणी. गिला म्हणजे ओला. इथेही नाव हिंदी, आणि तिखटाचा हात वऱ्हाडी.

अंबागेटाबाहेर अंबादेवी आणि एकवीरादेवी. रुक्मिणी देवीच्या दर्शनाला आली आणि कृष्णानं तिला इथूनच नेलं, असं आमचं गाव मानतं. नवरात्रात इथे पाय ठेवायला जागा नसते. पण या पायऱ्यांवर मी मुलींना १९२७ सालचं सांगितलं. त्या वर्षी डॉ. पंजाबराव देशमुखांनी हे मंदिर अस्पृश्यांना खुलं व्हावं म्हणून चळवळ उभारली. नोव्हेंबरात अमरावतीच्या इंद्रभुवन थिएटरात डॉ. आंबेडकरांच्या अध्यक्षतेखाली परिषद भरली. महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह होऊन तेव्हा आठच महिने झाले होते. पाणी कुणी प्यावं, प्रसाद कुणी घ्यावा, शेजारी बसून कुणी जेवावं, हे प्रश्न या पायऱ्यांशी येऊन ठेपले होते. पंजाबरावांनी त्याच सुमारास गावात श्रद्धानंद छात्रालय काढलं. तिथे सगळ्या जातींची खेड्यातली मुलं एका पंगतीला बसत. माझे सासरे तिथे राहून शिकले. काय जेवायला असे, असं विचारलं की सांगत, भाकर आणि तुरीचं वरण, पातळ. आणि पुढे म्हणत, पण बसायचो सगळे एका ओळीत. शहरातल्या खाण्याचा इतिहास सांगताना कचोरी, वडा सांगून ही पंगत गाळली तर तो इतिहास खरा राहत नाही.

नागपुरी गेटाकडे त्या दिवशी जाणं झालं नाही. तिकडची फेरी रमजानच्या संध्याकाळी करायची, असं ठरलं.

शेवट पानावर. अंजनगाव सुर्जीचं पान. जिथे १८०३ चा तह झाला तेच गाव. तिथे बारी समाजाचे पानमळे आहेत आणि त्याच मळ्यांच्या सावलीत पानपिंपळी होते. पानवाल्याकडे सुकलेली पिंपळी नव्हती, पण नणंदेच्या बटव्यात होती, खोकल्यासाठी ठेवलेली. तिनं मुलींना एकेक दिली. मिऱ्यासारखी तिखट, पण आत मुरणारी. मी सांगितलं, रोमच्या स्वयंपाकघरात ही होती. पहिल्या शतकातल्या प्लिनीनं भाव लिहून ठेवले आहेत: काळी मिरी पौंडाला चार दिनार, पांढरी सात, पिंपळी पंधरा. काळ्या मिऱ्याच्या जवळजवळ चौपट. आणि त्याच काळच्या एका ग्रीक खलाशाच्या वहीत, भडोचच्या बंदरातून जाणाऱ्या मालात पिंपळी आहे. इटलीतल्या माणसांना भारताची चव कळली ती अशी. पुतणी जिभेवर पिंपळी धरून डोळे पुसत होती आणि हसतही होती.

घरी परतलो तेव्हा बारा वाजले होते. मी बोलोन्यातली एक गोष्ट राखून ठेवली होती, ती जेवणानंतर काढली. त्या फेरीत वाट दाखवणारी मुलगी म्हणाली होती, तुम्ही ज्या पट्ट्या खाल्ल्या त्या इथल्या. माझ्या आजीच्या गावी, कालाब्रियात, कणकेची वळी लोखंडी काडीभोवती गुंडाळून पोकळ मॅकरोनी करतात, काडी नसेल तर विणकामाची सुई घेतात. मी तिला तिथेच म्हटलं होतं, आमच्याकडे याला सरगुंडे म्हणतात. तिला वाटलं मी थट्टा करते. तिला कसं सांगावं, की अक्षय तृतीयेच्या आसपास आमच्या ओसरीत पाच-सहा बायका मांडी घालून बसत, गव्हाच्या कणकेची बारीक वळी काडीवर फिरकीसारखी चढवत, अलगद खाली सरकवून सुपावर टाकत, आणि ते वाफवून आंब्याच्या रसात बुडवून खात. मला स्वतःला ते नीट येत नाही. सासूबाई गेल्यानंतर आमच्या घरात कुणी केलेले नाहीत.

नणंद उठली, आतल्या खोलीत गेली. मागच्या कोनाड्यातून तिनं जुन्या पातळाच्या चिंधीत गुंडाळलेली जुडी आणली. तेला-तुपानं काळसर, गुळगुळीत झालेल्या अकरा काड्या. "मायच्या हाय," ती म्हणाली, "फेकल्या नाही मी." तिनं पुतणीला कणीक भिजवायला लावली, घट्ट, पुरीला भिजवतो त्याहून घट्ट. पहिलं सरगुंडं काडीवरच चिकटलं. दुसरं सरकवताना तुटलं. नणंदेनं तिच्या अंगठ्यावर आपला अंगठा ठेवला आणि म्हणाली, "हातातल्या हातात फिरव, ओढू नको." तिसरं अख्खं निघालं. ते तिनं सुपाच्या कडेला ठेवलं आणि चौथ्यासाठी वळी करायला घेतली.